वाघूळमधला ‘ळ’

सून : बाबा, वनखात्याला फोनवर नक्की काय सांगितलंत?

सासरे : तू सांगितलंस तेच. मागच्या केळीत दुर्मिळ वाघूळ सापडलंय, सोसायटीचे चेअरमन ती केळ तोडायला निघालेत, लवकर माणूस पाठवा.

सून : मग दारात पिंजऱ्याची गाडी का आलीये? आणि सगळी बिल्डिंग गच्चीवर का चढलीये?

सासरे : खातं तत्पर असेल.

सून : फोन केलात तेव्हा कवळी तोंडात होती?

सासरे : वाटीत होती. सकाळी हिरड्या दुखतात माझ्या.

सून : म्हणजे ‘ळ’ गेला वाऱ्यावर. त्यांनी ‘वाघ’ ऐकलं.

सासरे : तरीच. पलीकडच्यानं विचारलं, रंग कसा? म्हटलं, नारिंगी-काळा. तर म्हणाला, दारं-खिडक्या लावून घ्या.

वनरक्षक : (स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेरून) ताई, आतच थांबा. जनावर कुठंय?

सून : त्या खिडकीशी लोंबणाऱ्या वाळक्या पानात.

वनरक्षक : पानामागं?

सून : पानात.

सासरे : साहेब, आता कवळी लावलीये, स्वच्छ ऐकून घ्या. वा-घू-ळ.

वनरक्षक : आजोबा, मी बायकोला ‘पोरांना सांभाळ’ म्हणून फोन करून आलोय.

सासरे : मग आता खुशाली कळवा.

वनरक्षक : आणि ऑफिसात काय तोंड दाखवू? वाघाला गेलो आणि वाघूळ बघून आलो? निघतो मी.

सून : थांबा हो. लग्नाआधीपासून शोधतेय मी हे वाघूळ. जंगलं पालथी घातली.

सासरे : खरंय. आमचा मुलगा लग्नानंतर फिरायला घेऊन गेला, तर ही तिथल्या केळीच्या बागेत पानं उलटीपालटी करत बसली. तो बिचारा टॉर्च धरून उभा. आणि सापडलं कुठे, तर आमच्याच मोरीच्या पाण्यावर वाढलेल्या केळीत.

सून : चेअरमनना वाळकी पानं डोळ्यांसमोर नको असतात. तुमची गाडी वळली की ते केळी आडवी करणार. माझं कोण ऐकतंय? तुमच्या अंगावर वर्दी आहे. एकदा पानात डोकावा, मग खुशाल जा.

वनरक्षक : बघतो. पण एकदाच.

सासरे : श्वास जरा जपून. कांदा खाल्लेला दिसतोय.

सून : दिसलं?

वनरक्षक : एवढंसं? माझ्या अंगठ्याएवढंही नाही. आणि हे पोटाला काय चिकटलंय?

सून : पोटाला? सरका, मला बघू द्या. बाबा... पिल्लू आहे.

सासरे : अगं, मग रडतेस काय वेडे?

सून : मला वाटलं होतं, एकटंच उरलंय.

वनरक्षक : ताई, डोळे नंतर पुसा. ते कोयता घेऊन कोण येतंय?

सून : चेअरमन. वाघ नाही हे कळलं वाटतं गच्चीवर.

वनरक्षक : ओ चेअरमनसाहेब, तिथंच थांबा. या केळीला हात लावायचा नाही. हो, मीच सांगतोय, वनखातं. नाही, वाघ नाही, वाघापेक्षा दुर्मिळ आहे. मी स्वतः पाहिलंय, आज कागदावर नोंद करतो. आणि ओरडू नका हो, आत बाळ झोपलंय.