रडून दाखवणारा मुलगा

सन्माननीय अध्यक्षमहोदय, आपल्या रुग्णालयाचे अधीक्षक डॉक्टरसाहेब, व्यासपीठावर बसलेल्या मोठ्या सिस्टर आणि समोर जमलेल्या माझ्या सहकारी मित्रमैत्रिणींनो,

या सत्काराबद्दल मी आपला ऋणी आहे. माझ्याविषयी बोलताना सगळ्यांनीच माझ्या सिनेमाचा उल्लेख केला. छत्तीस वर्षं सांभाळलेल्या नोंदींच्या खोलीचा कुणी केला नाही. चालायचंच!

सहाव्या वर्षी, पडद्यावरची आई मेली म्हणून मी रडलो आणि घराघरांत पोहोचलो. पुढे मिसरूड फुटलं. वडिलांनी ते रोज काढायला लावलं, आणि सोळा वर्षांचा होईपर्यंत हाफपँट घालून निर्मात्यांकडे हिंडवलं. शेवटचे निर्माते म्हणाले, "अहो, हा तर चांगला बाप्या झालाय!" परतताना वडील एवढंच म्हणाले, "तुला कसली घाई झाली होती रे?" त्यानंतर ते माझ्याशी फारसं बोललेच नाहीत.

इथल्या मुलाखतीतही पहिला प्रश्न तोच, "जरा रडून दाखवता का?" दाखवलं. नोकरी हवी होती. मग नोंदींचे कागद न्यायला येणारेही फर्माईश करू लागले. हुकमी पाणी काढायचो डोळ्यांतून.

हे सांगणार नव्हतो, पण विषय निघालाच आहे. माझी आई याच इमारतीत, सात नंबरच्या वॉर्डात गेली. तिच्या पायांवर डोकं ठेवून मी रडत होतो. शेजारच्या खाटेपाशी कुणीतरी ओरडलं, "अरे, हा तोच! अजून तस्साच रडतो!" माणसं जमली. एका बाईंनी कौतुकानं माझा गाल कुरवाळला. माझं रडणं तिथंच आटलं. आणि खरं सांगू? मी आईसाठी रडत होतो की त्यांच्यासाठी, हे क्षणभर मलाच कळेना.

मोठ्या सिस्टरनी चादरींच्या खोलीची किल्ली माझ्या बायकोच्या हातात ठेवली. बायकोनं मला आत ढकललं. म्हणाली, "कसंही रडा, वेडंवाकडं रडा. मी दाराशी आहे." तासभर बसलो गठ्ठ्यांवर. रडू काही आलं नाही. बाहेर ती येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत होती, "आत कुणी नाही."

त्या दोघींचे आभार मानायचे राहून गेले होते. ते आज मानतो. आपण सर्वांनी शांतपणे ऐकलंत, आपलेही आभार. ओघात नको ते बोलून गेलो असेन, तर पोटात घाला.