पलंगाखालचा हात

"दवाखान्यात दुसऱ्यांचं बोलणं ऐकत बसू नकोस, नसता घोर लागतो," असं आई बजावायची. मी कुठली ऐकतेय! बाळाला लस द्यायला गेले, तर शेजारच्या बाकावर नणंद-भावजय बसलेल्या आणि आत्याच्या मांडीवर चारेक वर्षांची मुलगी.

"वहिनी, पण ही जेवायची थांबली कशाने?"

"व्हिडिओ केला ना, भुताच्या हाताचा. पलंगाखालून काळा हात येतो आणि हिचा पाय धरतो."

"हिला माहीत होतं?"

"सांगितलं असतं तर अशी किंचाळली असती का? ताई, दोन लाख लोकांनी पाहिला!"

"आणि हात कुणाचा?"

"तुमच्या भावाचा. काजळ फासलं, लांब नखं चिकटवली. काय सुरेख दिसत होता!"

"मग पोरीला सांगायचं ना, भूत नव्हतं, बाबा होता म्हणून."

"सांगितलं की. तेव्हापासूनच त्यांच्या हातून घास घेत नाही."

"वहिनी!"

"लोक तर दुसरा भाग मागतायत."

तेवढ्यात मुलीचे बाबा गाडी लावून आत आले. घासून घासून लाल झालेला हात त्यांनी पुढे केला.

"चल पिल्लू, डॉक्टरकाका बोलावतायत."

मुलगी आत्याच्या कुशीत शिरली.

"अहो, तसाच ठेवा हात!" मुलीच्या आईने फोन काढला. "चेहरा बघा हिचा, अगदी खरा आलाय."

तुमच्या शेजारच्या घरातून लहान मुलाची किंकाळी आणि पाठोपाठ मोठ्यांचं हसू ऐकू आलं, तर कृपा करून बेल वाजवा आणि मूल कसं आहे ते बघून या.