उण्णीला ऊन लागायचं

—नाही, घरी नाही तो, सांगितलं ना. नदीवर गेलाय अंघोळीला. बसा, नाहीतर जा, मला दोन्ही सारखंच. भजी घ्या, केळ्याची आहेत. कोचीहून एवढ्या लांब आलात नव्या पिक्चरचं बोलायला, म्हणजे तुमच्या मालकाला दुसरा डायरेक्टर मिळाला नाही, असंच ना? हसताय काय. गोविंदनुण्णी, आमचा उण्णी, माझा मेहुणा, सख्ख्या बहिणीचा नवरा, माझ्याच चुलीवरचं जेवतो—पण त्याला डायरेक्टर म्हणायला माझी जीभ वळत नाही. कॅमेरामन म्हणा. तेवढा होता, तेही माणसं सोडून बाकी सगळ्याचा.

ह्याच अंगणात आला तो पहिल्यांदा. आमच्या ह्या ओट्टप्पालमच्या आसपास शूटिंगसाठी घरं हुंगत फिरतात ना तुमची माणसं, तसा. भर उन्हाळा, आम्ही सुपारी वाळत घातलेली—आणि हा म्हणतो, अंगण भिजवा. का? तर ओल्या जमिनीवर उजेड चमकतो. पिक्चरमध्ये काय चाललंय? तर दुष्काळ. गावात घोटभर पाणी नाही आणि नायकाच्या दारात चिखल. मी विचारलं तर म्हणतो, "दादा, लोकांना पाणी दिसत नाही, चमक दिसते." सुपारीला बुरशी लागली. आणि माझी बहीण सौदामिनी केरसुणी घेऊन दारात उभी, तर तिच्या तोंडावर ऊन पाडायला ह्यानं समोर आरसा धरायला लावला. पोरगी खुळावली. आरसा दाखवून पटवलेली बायको ती, दुसरं काय. सुपारी गेली, बहीण गेली, आणि म्हातारपणी दोघं परत माझ्याच गळ्यात.

मग बक्षिसं मिळाली. पेपरवाले लिहायचे, ह्याच्या पडद्यावर निसर्ग बोलतो. बोलतो ना, माणसं मुकी बसली की दुसरं बोलणार कोण? त्यातून डोकं फिरलं, म्हणे आता डायरेक्शनच करतो. गळ्यात कॅमेरावाल्यांची ती ऊन जोखायची काळी काच, सारखी डोळ्याला लावायची आणि सूर्याकडे बघायचं—ढग कधी सरकतो, ऊन कधी येतं. खाली नट उभे राहून वाळले तरी ह्याचं तोंड आभाळात. एकदा थोरली नटी, कल्याणिअम्मा, आईच्या मरणावर अशी रडली की स्वयंपाकी पळी टाकून डोळे पुसायला लागला. हा म्हणतो, "अम्मा, पुन्हा एकदा. माडावर ऊन नव्हतं." ती म्हणाली, "अरे बाबा, आत्ताच मारली ना आईला, आता परत कुठून आणू?" मी स्वतः ऐकलंय, तिथंच चहा पीत होतो. पिक्चर लागला तेव्हा माडावर ऊन होतं आणि लोकांनी हुर्यो उडवली. मीही ओरडलो. मेहुणा म्हणून काय गप्प बसायचं?

काय? अजून आला कसा नाही? देवळात गेला असेल. नदीवर म्हणालो होतो? मग नदीवरून देवळात. —हो, येताना बघितली असेल तुम्ही नदी, वाळूच आहे सगळी, माहीत आहे मला. गेला असेल आपला कुठंतरी. तुम्ही पोलीस आहात का?

तुम्ही कोचीचे लोक त्याला अजून ओळखतच नाही. हल्ली संध्याकाळी ओसरीवर बसतो आणि ऐकतो. शेजारच्या टीव्हीवरची बाई रडायला लागली की म्हणतो, "खोटं, दादा. श्वास आधीच सोडला तिनं." ज्या माणसाला उभ्या जन्मात कधी माणूस ऐकू आला नाही, तो. परवा नारायणी मासे घेऊन आली, नुसतं "बांगडा आहे" एवढंच बोलली, तर हा विचारतो, "नारायणी, नवऱ्यानं मारलं?" ती पाटी ठेवून खालीच बसली. तिच्या गालावरचा वळ मला समोर दिसत होता, पण ह्याला तर—

ह्याला काय. काही नाही. भजी घ्या.

कोण म्हणालं दिसत नाही? मी म्हणालो? उजेड-अंधार कळतो त्याला. बरं, आता बोललोच आहे. कोईमतूरला गेलाय डोळे दाखवायला, सौदामिनी सोबत आहे. डॉक्टर म्हणतात साखरेनं केलं, मी म्हणतो उन्हानं, कुणीही केलं तरी तेच. आता तुम्ही हे जाऊन मालकाच्या कानात ओतणार आणि मालक म्हणणार, आंधळ्याला कशाला डायरेक्टर करायचा. डोळस होता तेव्हा करायला नको होता, मूर्खांनो, तेव्हा रांग लावलीत. कॅमेऱ्याला दुसरा ठेवा कुणीतरी, पैशाला पासरी मिळतात. तुमचा फोन आल्यापासून हा माणूस रोज दाढी करतोय—तिला दिवसातून दहादा विचारतो, शर्ट मळका नाही ना. मला काय, मला त्याचं तोंडसुद्धा बघवत नाही. पण नाही म्हणायचं असलं तर मला सांगा, त्याला नका सांगू. मी सांगेन काहीतरी, पैसे बुडाले, मालक मेला—

थांबा. रिक्षाच ती. उठू नका. ती हात धरून उतरवेल त्याला, तिकडे बघू नका, आणि वहाणा हातात घ्या, कान फार तिखट झालेत त्याचे. मागच्या दारानं, विहिरीच्या अंगानं निघा. तुम्ही आज आलाच नाहीत; मालक हो म्हणाला तर पुढच्या दारानं या. बघताय काय, जा.

—कोणी नाही रे, उण्णी. हो, मीच. एकटाच बडबडतोय.