हेंडरसन अमर भोयर

अमर : ते सगळं जाऊ दे ताई. आदी एवढंच सांग, हेन्री कोन?

विजयमाला : मले काय मालूम? मी हेन्रीचं नाव घेतलं का? काल बारशात तुह्या पोराच्या कानात मी हेंडरसन म्हटलं.

अमर : हेंडरसन म्हनजे हेन्रीचा पोरगा. तुह्या भावजयनं, सलोनीनं, मोबाइलवर सर्च करून पाह्यलं. तिकडं इंग्लंडात जुन्या काळी बापाच्या नावाले ‘सन’ लावत. सन म्हनजे पोरगा. अन् ते नाव बी नोहे, आडनाव हाय. तिकडचे लोक मांगं लावतेत, तू समोर लावलं.

सदाशिवराव : म्हनजे बैल शेपटाकून धरला इनं.

विजयमाला : बाबा, तुमी जेवा.

सदाशिवराव : जेवूनच राह्यलो. पन घास उतरत नाही ना. सकाळपासून पुरं नाव म्हनून पाहून राह्यलो मी. हेंडरसन अमर भोयर. हेन्रीचा पोरगा, अमरचा पोरगा, भोयर. एका पोराले दोन बाप.

अमर : अन् त्यातही मी दुसऱ्या नंबरवर.

विजयमाला : तू लहानपनापासूनच दुसऱ्या नंबरवर हायेस. पह्यली मी.

सदाशिवराव : मस्करी नोको, विजू. आज वावर माह्या नावानं हाय. मी गेलो का अमरच्या नावानं चढन, अमरनंतर या पोराच्या. तवा तलाठी इचारन, हा हेन्रीचा पोरगा, मंग हेन्रीचे बाकीचे वारस कुठं हायेत? त्यायले नोटीस कुठं धाडाची?

अमर : याच्यासाठी बाबा सकाळीच वामनरावाकडे गेलते.

विजयमाला : ते रिटायर झालेले तलाठी? काय म्हने मंग?

सदाशिवराव : आदी हासला. मंग चष्मा काढून पुसला. म्हने, सदाशिवराव, माह्या अख्ख्या नोकरीत असं कधी झालं नाही, पन इंग्रजाचं काही सांगता येत नाही. पह्यल्या बारीले बी ते यापाराच्याच नावानं आलते.

विजयमाला : म्हनजे हेन्री लंडनहून निंगून पांढरकवड्याच्या स्टँडवर उतरनार, अन् नऊ एकरात टेप लावनार.

सदाशिवराव : ओलिताचे हायेत नऊ एकर. मानसाचं मन फिरू शकते.

अमर : मी काय म्हनतो, पोराचं नाव सरळ हेन्रीच ठेवू. मांगचा ‘सन’ निघून जाते, लफडंच खतम.

सदाशिवराव : वा रे हुशार. ज्याले बांधाबाहेर ठेवाचं, त्यालेच आनून पाळन्यात झोपवाचं.

अमर : मंग दुसरं ठेवा ना. ताई, अजून काही बिघडलं नाही, जन्माचा दाखला निंगाचा हाय. सलोनीले विहान आवडते. तू लोकायले फक्त एवढं सांग का, मी कानात विहानच म्हटलं होतं, बायायच्या गलबल्यात कोनाले ऐकू नाही आलं.

विजयमाला : अन् पाठीत बुक्के कायचे खाल्ले मी? आत्यानं कानात कुर्र केलं का बाया तिच्या पाठीत बुक्के घालतेत, हे त मालूम हाय ना तुले? तुही ते मावससासू चंदाबाई, तिनं असा ठेवून देल्ला का मले अजून डाव्या कुशीवर पडता येत नाही. ते सगळे बुक्के हेंडरसनचे होते. विहानचे अलग पडतीन. ते कोन खाईन, तू?

अमर : पन हे नाव तुले सुचलं कुठून? तो वाघ पाहाले आलेला गोरा ना?

विजयमाला : हो, तोच. मागच्या उन्हाळ्यात टिपेश्वरले आलता. वाघ काही दिसला नाही, वापस जाताना आमच्या ढाब्यासमोर गाडी पंक्चर झाली. तोंड उतरलं होतं बिचाऱ्याचं. मी झुनका-भाकर वाढली, संगं कांदा देल्ला. खाल्लं त्यानं गपचूप. मंग उठला, ताट उचललं, नळावर गेला अन् घासाले बसला. मी धावत गेली त मलेच हातानं म्हने, थांबा. घासलं, धुतलं, उबडं करून ठेवलं, अन् हात पुसत पैसे द्याले आला. इतके वर्सं ढाबा चालवून राह्यली मी. ट्रकवाले जेवले, पाटील जेवले, किर्तन करनारे महाराज जेवले. ताट इकडचं तिकडं सरकवलं नाही कोनी. मी ड्रायव्हरले इचारलं, भैया, साहब का नाम क्या है? तो म्हने, हेंडरसन. मी तवाच ठरवलं, आपल्या घरी पोरगा झाला त हेच नाव.

अमर : अवं, ड्रायव्हरनं तुले आडनाव सांगलं. त्या मानसाचं सोताचं नाव दुसरंच असन.

विजयमाला : असन. ताट त पुऱ्या मानसानं घासलं.

सदाशिवराव : थांब थांब. म्हनजे त्या गोऱ्याच्या बापाचं नाव हेन्री?

अमर : नाही बाबा. हेन्री म्हनजे शेकडो वर्सांआदीचा कोनी मूळपुरुष. त्याच्या पोराले हेंडरसन म्हनत, मंग तेच चिकटलं, नातवाले, पंतवाले, सगळ्या खानदानाले. आता तिकडं बी कोनाले मालूम नाही हेन्री कोन होता.

सदाशिवराव : अन् त्यायच्या घरी पोरगी झाली त?

अमर : ते बी हेंडरसनच.

सदाशिवराव : म्हनजे पोरगी बी हेन्रीचा पोरगा?

अमर : तसंच झालं.

सदाशिवराव : कमालचे लोक हायेत. पोरीले पोरगा धरतेत.

विजयमाला : इथं काय धरतेत ते सांगू, बाबा?

सदाशिवराव : आता तू कायले मधात...

विजयमाला : हक्कसोडच्या कागदावर सही कराले तुमी मले गाडीत बसवून तहसीलीत नेलं. येताना गाडीत खताच्या थैल्या आल्या, अन् मी बसनं घरी गेली. मी कुरकुर केली? नाही केली. जितीजागती वारस तुमी एका सहीत मिटवली, तवा तुमच्या घशात घास नाही अडकला. अन् शेकडो वर्सांआदी मेलेल्या हेन्रीच्या हिश्श्यापायी आज तुमाले जेवन जात नाही. या घरात माहं एकच राह्यलं होतं, पोराच्या कानात नाव सांगाचं. तेही सोड म्हनत असान त सांगा. आना कागद. कुठं करू सही?

(आतल्या खोलीत पाळण्यातलं पोर रडायला लागतं.)

अमर : ताई, मी असं नाही म्हटलं.

विजयमाला : तू काहीच नाही म्हटलं. तवा बी नाही म्हटलं.

सदाशिवराव : अमर, पाळना हालव. अन् नावानं हाक मार त्याले.

अमर : कोन्त्या नावानं?

सदाशिवराव : बुक्के कोन्त्या नावाचे पडले?

अमर : ...हेंडरसन. ओ हेंडरसन. नाही रडाचं बापा, हेंडरसन. बाबा, चूप झाला.

सदाशिवराव : होईनच. खानदानी मानूस हाय.

विजयमाला : चार दिसात गावात हेंड्या होते पाहा त्याचा.

सदाशिवराव : होऊ दे. सदाशिवचा बी सद्या झालाच होता.

अमर : अन् बाबा, ते वारसाचं? उद्या खरंच आला कोनी हेन्री त?

सदाशिवराव : आला त विजूच्या ढाब्यावर नेऊन जेवू घालू. ताट घासलं त हेन्री. नाही घासलं त आपल्यातलाच कोनी.

विजयमाला : बाबा, उष्टं ताट घेऊन कुकडं निंगाले तुमी? ठेवा ते तिथंच.

सदाशिवराव : विजू, आपल्या घरी भांडे कुठं घासतेत व?

विजयमाला : मांगच्या दारी. मायचा दगड हाय अजून तिथं.