एकोणीस वह्यांवरची लाल सही

सन्माननीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावर विराजमान असलेले परीक्षा मंडळाचे अधिकारी, मुख्याध्यापक, माझे सहकारी, आजीमाजी विद्यार्थी, आणि खुर्ची देऊनही दाराशी उभेच असलेले माझे यजमान, सर्वांना माझा नमस्कार.

मला निरोप देताना आपण इतकं चांगलं बोललात, की कुणाबद्दल चाललंय म्हणून मी दोनदा मागे वळून पाहिलं. कोर्टाच्या प्रकरणाला मात्र प्रत्येकाने वळसा घातला. अध्यक्षांनी तर मघाशी चहा घेताना प्रेमाने सुचवलं, की आज तो विषय नको. महोदय, एकतीस वर्षांत मी संस्थेचा शब्द एकदाच मोडला. आज दुसऱ्यांदा मोडते. उद्यापासून मी आपल्या नोकरीत नाही.

बारा वर्षांपूर्वी जीवशास्त्राच्या पेपरात माझ्या वर्गातल्या वीसपैकी एकोणीस मुलांनी एकच चूक लिहिली. हृदयातली तीन पडद्यांची झडप उजवीकडे असते. यांनी ती डावीकडे लिहिली, आणि तीही अगदी एकाच वाक्यात. मंडळाने सामूहिक कॉपीचा शेरा मारून निकाल राखून ठेवले. राखून ठेवणं! घरी उशिरा येणाऱ्याचं जेवण आपण राखून ठेवतो. इतका मायेचा शब्द असा वापरायचा? विसाव्याचा निकाल तेवढा वेळेवर लागला. त्याचं वर्गात कधी लक्षच नसे, म्हणून त्याने पुस्तकातलं बरोबर उत्तर लिहिलं. आज आलाय तो. हसतोय बघा.

आपल्या गणवेश शिवणाऱ्या शिंप्याची मुलगी माझ्याकडे आली. तिला नर्सिंगला जागा मिळाली होती, पण आठ दिवसांत गुणपत्रक दाखवलं नाही तर ती जाणार होती. म्हणाली, "बाई, कॉपी केली असं लिहून दिलं तर माफ करून निकाल देतो म्हणतात. आम्ही नाही केली. पण देऊ का लिहून?"

मी तिची वही मागितली. उघडली. तेच वाक्य, आणि खाली माझी लाल शाईतली सही. डावं-उजवं मीच उलट सांगितलं होतं. मुलांनी इमानाने उतरवून घेतलं होतं, आणि मी न वाचता एकोणीस वह्यांवर सह्या ठोकल्या होत्या.

त्या वह्या घेऊन मी मंडळात गेले. तिथल्या साहेबांनी एकही उघडली नाही. शिक्षक मुलांसाठी खोटं बोलतातच, म्हणाले. मग पालकांनी याचिका केली. शपथेवर चूक कबूल केलीत तर नोकरीवर गदा येईल, असं आमच्या वकीलबाईंनी बजावलं. शाळेचं नाव सांभाळा, असा निरोप संस्थेकडून आला. तरी मी कोर्टात उभी राहिले. म्हणाले, "चूक माझी आहे. या मुलांनी मी सांगितलं ते ऐकलं. त्याची शिक्षा ऐकणाऱ्याला कशी देता?"

कोर्टाने मंडळाला आदेश दिला आणि मुलांचे निकाल त्याच आठवड्यात लागले. शिंप्याच्या मुलीची जागा मात्र दोन दिवस आधी दुसरीला गेली होती. तिचं एक वर्ष गेलं, आणि मंडळाने तिला दिलगिरीची एक ओळसुद्धा लिहिली नाही.

आता या मानपत्राविषयी. यात माझी सेवा 'निष्कलंक' म्हटली आहे. माझ्या सेवापुस्तकात हलगर्जीपणाबद्दल लेखी ताकीद आहे, आणि ती योग्यच आहे. माझी चूक मी कबूल केली म्हणून एकोणीस मुलं सुटली. ती चूक पुसून मला सन्मान नको. तो शब्द खोडा, मगच मी मानपत्र घेईन. आणि अधिकारी साहेब, मंडळाच्या चुकीबद्दल दिलगिरीचं पत्र अजून यायचं आहे. पत्ता शोधायची गरज नाही. ती तिसऱ्या रांगेत बसली आहे, एक वर्ष उशिरा झालेली परिचारिका.

आपण सगळे माझ्यासाठी वेळ काढून आलात, मनापासून आभार. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल, तर ते माझ्या नावावर मांडा. ज्यांनी नुसतं ऐकलं, त्यांना सुखाने घरी जाऊ द्या.