सासूची भूमिका

डोळ्यांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी टीव्हीवरचा तो विनोदी नट बसला होता. प्रहसनं स्वतःच लिहितो आणि त्यातली भांडखोर सासूही स्वतःच करतो. सोबत त्याची खरी सासू होती.

"जावईबापू, ती बाई म्हणजे मीच ना?"

"छे हो आई, काल्पनिक आहे!"

"'मी कुठे काय बोलते' हे वाक्य माझं आहे. पण हल्ली ती दिसत का नाही?"

"निर्मात्यांनी बंद केली. लोकांना कंटाळा आलाय म्हणे."

"माझा कंटाळा? तुमच्या फोनवरून लावा त्यांना!"

"आई, माझं काम जाईल हो!"

"लावा म्हणते ना!"

त्याने निमूटपणे फोन लावून दिला. बाईंनी निर्मात्यांना चांगलंच फैलावर घेतलं आणि फणकाऱ्याने फोन ठेवला.

"काय म्हणाले?"

"त्यांना वाटलं, तुम्हीच बोलताय. सोमवारपासून सासू परत सुरू."

"अहो, मग चिडलात कशाला?"

"म्हणाले, आवाज आज तितकासा जमला नाही!"