रोज येणारा गैरहजर

(दिल्लीच्या द्वारका भागातल्या फ्लॅटची बाल्कनी. आजी, आजोबा आणि सुट्टीला आलेली नात शिवांगी.)

आजी : दोन हजार बावीस साल. नीरजची नोकरी जाणार होती ते.

आजोबा : एकवीस.

आजी : अहो, बावीस! तुमच्या मोतीबिंदूचं वर्ष. मी चौकशीला निघाले आणि तुम्ही हिरवी पट्टी बांधून बसला होतात.

शिवांगी : नीरजकाका म्हणजे आपल्या खालचे ना? त्यांना का काढत होते?

आजी : विनापरवानगी गैरहजर. गाझियाबादच्या ऑफिसात बदली झाली आणि हा कित्येक महिने तिथे पोचलाच नाही.

शिवांगी : यार आजी, मग बरोबरच आहे. एवढी सुट्टी?

आजी : सुट्टी कसली! रोज डबा घेऊन जात होता. करोल बागेत, जुन्या ऑफिसात.

आजोबा : ना हजेरी, ना पगार.

शिवांगी : पण का?

आजी : तिथले आहुजासाहेब म्हणाले, "नया आदमी आने तक रुक जा, गाझियाबाद से मैं बात कर लूँगा." आणि हा भोळा सांब थांबला. साहेब रोज म्हणायचे, आज बोलतो. शेवटी बडतर्फीची नोटीस आली, तेव्हा साहेबांनी लिहून दिलं की हा माणूस इथे येतच नाही! त्यांचं प्रमोशन जवळ आलं होतं ना.

शिवांगी : मग ऑफिसमधले बाकीचे?

आजोबा : त्यांचा गोपनीय अहवाल कोण लिहिणार? आहुजाच. सगळे अळीमिळी गुपचिळी.

शिवांगी : म्हणजे?

आजी : बिल्कुल चूप. इकडे त्याच्या बायकोला, स्वरूपाला, सातवा महिना. जिन्यात भेटली, म्हणाली, "काकू, नोकरी गेली तर आम्हाला दिल्ली सोडावी लागेल. आणि हे अजून करोल बागेला जातातच!"

शिवांगी : तरीही?

आजी : नवा माणूस कुठे आला होता? खात्याच्या चौकशीत बाजू मांडायला रिटायर्ड सरकारी माणूस घेता येतो. म्हटलं, मीच येते.

आजोबा : मी म्हटलं, अगं, साक्षीदार नाही, कागद नाही, बोलणार काय तू?

आजी : उभा जन्म साहेबांच्या केबिनबाहेर काढला होता मी. आहुजा आले, इस्त्रीचा शर्ट घालून. म्हणाले, "बदली के बाद मैंने इसकी शक्ल नहीं देखी." मी म्हटलं, अच्छा सर. बस इतना बताइए, संसद से जो सवाल आया था, उसका जवाब गया?

शिवांगी : त्याचा काय संबंध?

आजी : चौकशी अधिकारीही हेच म्हणाले. पण आहुजांचा चेहरा पडला. संसदेचं उत्तर राहिलं तर साहेबाची धडगत नसते. ते गर्रकन वळले, "नीरज, वो गया ना?"

शिवांगी : नहीं!

आजी : आणि आपला नीरज ताडकन उभा! "जी सर, कल शाम को ही. साइन आपने ही किए थे."

आजोबा : घरी येऊन सांगताना ही इतकी हसली, मला वाटलं ठसका लागला.

आजी : अहो, आधी स्टेनो हसली, मग अधिकारी हसले. शेवटी आहुजासुद्धा. करतात काय!

शिवांगी : तुला माहीत होतं ते असं विचारतील?

आजी : नीरजला विचारल्याशिवाय त्यांना स्वतःच्या सेक्शनचं काही सांगता यायचं का कधी?

शिवांगी : मग पुढे?

आजी : नीरजची नोकरी राहिली, पगारही मिळाला. गाझियाबादला जातो, मेट्रोत उभा राहून. आहुजांचं प्रमोशन वर्षभर लांबलं. आता रिटायर झालेत. पार्कात भेटतात, मला लांबूनच नमस्कार करतात.

आजोबा : आणि वाट बदलतात.

आजी : ते चौकशी अधिकारी चंदीगडला गेले. स्वरूपा शाळेत शिकवते. तिची अश्लेषा दुपारभर इथे खेळते माझ्याकडे.

शिवांगी : ती छोटी? खूप गोड आहे.

आजी : बापाने शिकवलंय तिला. आई आली की चप्पल घालते, दारात उभी राहते आणि विचारते, "आजी, जाऊ?" मी हो म्हणेपर्यंत उंबरा ओलांडत नाही.